ओढ, घोट, श्वास

मला लोक टिकलीबाई म्हणतात. सरकारी कागदावर माझं पद 'अर्भक आहार तपासनीस' असं आहे, पण ते कुणाच्या तोंडात बसत नाही, आणि खरं सांगायचं तर माझ्याही नाही. आमच्या भागातल्या कुठल्याही गावात मी स्कूटर लावली, की ओट्यावरच्या बायका आत हाक देतात, "टिकलीबाई आल्या गं!" मग ज्या घरात नवं बाळ असेल तिथलं दार उघडतं आणि मला आतल्या अंधाऱ्या खोलीत नेलं जातं.

बाळंतिणीची खोली २०४७ सालीही अंधारीच असते. बाहेर द्राक्षबागांवर फवारणीची यंत्रं उडत असतात, स्वयंपाकघरातलं भांडं आपलं आपणच चहा उकळतं, पण या खोलीच्या खिडकीला जुनी चादर लावलेली असते आणि कोपऱ्यातल्या शेगडीवर ओव्याची, बाळंतशेपांची धुरी असते. मला ती खोली फार आवडते. डोळे अंधाराला सरावले, की आईच्या कुशीत एक बारीक उजेड दिसायला लागतो. बाळाच्या हनुवटीखाली मसुराच्या दाण्याएवढी टिकली चिकटवलेली असते आणि प्रत्येक घोटाला ती केशरी उजळते. घोट, उजेड. घोट, उजेड. बघत बसलं की वेळ कुठे जातो कळत नाही. चहा गार होतो, बाळाची आजी काहीबाही सांगत राहते, आणि मी हो हो म्हणत त्या उजेडाकडे पाहत राहते.

दूध पिणं हे माणसाच्या आयुष्यातलं पहिलं अवघड काम आहे. आपल्याला ते सोपं वाटतं, कारण आपण ते कसं शिकलो हे विसरलेलो असतो. दुधाची वाट आणि श्वासाची वाट घशात एकमेकींना ओलांडून जातात. ओढायचं, मग श्वास रोखून गिळायचं, मग श्वास घ्यायचा. हे सगळं सेकंदाभरात, आणि पोट भरेपर्यंत शेकडो वेळा. एक पाऊल चुकलं की ठसका. बहुतेक बाळांना हे जन्मतः जमतं. काहींना जमत नाही. लवकर जन्मलेली, अशक्त, झोपाळू अशी पोरं अर्ध्यावर दमतात आणि उपाशी राहतात. पूर्वी आम्ही लंगोट मोजायचो, वजन बघायचो, गिळल्याचा आवाज कान देऊन ऐकायचो. ते अजूनही करतो. पण टिकली दोन कामं जास्तीची करते.

एक म्हणजे ती ऐकते. गिळणं, श्वास, जबड्याची हालचाल, सगळं. दुसरं म्हणजे ती ठेका देते. कातडीला अगदी हलका स्पर्श, मोठ्या माणसाला लक्ष दिल्याशिवाय जाणवणारही नाही इतका: ओढ, घोट, श्वास. ओढ, घोट, श्वास. वरातीत बँड वाजायला लागला, की नाचायचं नसलं तरी आपले पाय ठेका धरतात, तसं बाळाचं तोंड तो ठेका धरतं. गेल्या बारा वर्षांत या टिकलीने किती पोरं बाळसेदार केली याचा हिशोब मी कधी ठेवला नाही. पण बाजारात एखादी बाई हात धरून थांबवते आणि शेजारच्या उंच मुलीकडे बोट दाखवून म्हणते, "ही तुमची टिकलीवाली," तेव्हा मला बरं वाटतं.

हा ठेका आला कुठून, हे मात्र फार थोड्यांना माहीत आहे. कागदपत्रांत त्याचं नाव 'नमुना क्रमांक १' असं आहे.

अठ्ठावीस वर्षांपूर्वी मी नाशिकला एका छोट्या प्रयोगशाळेत मदतनीस होते. बाळांच्या गिळण्याचे आवाज टिपायचं काम तिथे नुकतंच सुरू झालं होतं. बाळं मिळत नव्हती, आणि माझ्या कुशीत एक आयतं होतं. माझी सई. दोन महिने तिच्या हनुवटीखाली मी तो ओबडधोबड माइक लावत होते. सई फार सुरेख प्यायची. सात महिन्यांची असताना ती मेंदूज्वराने गेली, तीन दिवसांत. तिच्या पिण्याशी त्याचा काही संबंध नव्हता.

आवाज प्रयोगशाळेत राहिले. पुढे शेकडो बाळांचे नमुने गोळा झाले, टिकलीसाठी ठेका निवडायची वेळ आली, आणि यंत्राने त्यातला सगळ्यात सुरेल नमुना उचलला तो पहिलाच. अभियंत्यांनी तो स्वच्छ केला, मधल्या रिकाम्या जागा काढून टाकल्या, सलग ठेका बांधला आणि एक कागद माझ्यासमोर ठेवला. मी सही केली. तो नमुना कुणाचा, हे कुणाला ठाऊक नव्हतं. मला ठाऊक होतं आणि मी गप्प बसले.

त्या दिवसापासून मी ज्या ज्या घरात गेले, त्या त्या घरात सई दूध पीत होती. मी नवऱ्यालाही सांगितलं नाही. आमच्या घरात तिचं नाव निघत नाही. मंदारने तिचे कपडे एका खोक्यात भरून माळ्यावर ठेवले, आणि त्यानंतर आम्ही दोघांनीही मान वर करून त्या माळ्याकडे पाहिलेलं नाही.

खेडलेवाडीहून फोन आला तो माघातल्या थंडीत. सोनालीताई माझ्या ओळखीच्या. ग्रामपंचायतीचा सगळा कारभार एका पडद्यावर चालवणारी, तालुक्याच्या साहेबांना फोनवर सरळ करणारी बाई. तिची एकुलती एक लेक ईश्वरी, येवल्याला पैठणी विणणाऱ्या घरात दिलेली, पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली होती. मुलगा झाला होता. परवा बारसं होतं.

"मॅडम, दोन दिवस टिकली लाल दाखवतीय," सोनालीताई म्हणाल्या, आणि त्या एरवीच्या खणखणीत आवाजाला कंप होता.

पोटात दूध कमी जातंय असं दिसलं, की टिकलीची कडा लाल होते. ती सलग तीन दिवस लाल राहिली, की नाशिकच्या बालपोषण कक्षाची गाडी आपोआप निघते. तिथे नाकातून नळी घालून दूध देतात. यात काही वाईट नाही, पोरं वाचतात. पण नळीवरून घरी आलेली निम्मी बाळं पुन्हा आईला लागत नाहीत. बाटली बरी, असं होऊन बसतं.

मी गेले तेव्हा ईश्वरी भिंतीला टेकून बाजेवर बसली होती. केस कानटोपीत, डोळे सुजलेले. चोवीस वर्षांची पोर, पण त्या दिवशी चौदाची दिसत होती.

"माझ्या लेकीला दूध कमी नाही हो," मी खाली बसायच्या आत सोनालीताई म्हणाल्या. "डिंकाचे लाडू, आळिवाची खीर, शतावरी, काही म्हणून बाकी ठेवलं नाही. दूध वाहून चाललंय. हा पीतच नाही."

"पाजून दाखव बघू," मी ईश्वरीला म्हटलं.

पकड चांगली होती. तोंड मोठं उघडलेलं, खालचा ओठ बाहेर वळलेला, मला दुरुस्त करायला काहीच नव्हतं. केशरी उजेड लागला. एक, दोन, तीन. मग बाळ थांबलं. टिकलीने ठेका दिला. बाळाने ओढलं आणि त्याला जोराचा ठसका लागला. दूध नाकातून आलं, चेहरा लालबुंद झाला, पाठ कमानीसारखी ताणून ते किंचाळायला लागलं. पुन्हा लावलं. पुन्हा तेच. तिसऱ्या वेळी तर ते छातीजवळ नेताच रडू लागलं.

"त्याला मी नकोय, मॅडम," ईश्वरी म्हणाली.

मी वजन केलं. जन्मतः दोन किलो नऊशे, आता दोन सहाशे. दहाव्या दिवशी जन्माचं वजन परत यायला लागलेलं असावं, इथे ते उतरतच होतं. काल दिवसभरात लंगोट ओले झाले ते फक्त तीन. बाळाच्या टाळूवरून हात फिरवला, तर ती खोल गेलेली लागली.

"टिकली लावायच्या आधी दोन दिवस चांगला प्यायचा," ईश्वरी हळूच म्हणाली.

"तेव्हा नुसता चीक होता गं, त्याला कितीसं गिळावं लागतं?" सोनालीताईंनी तिला गप्प केलं, आणि मी तिकडे कानाडोळा केला.

हा कानाडोळा मला नवा नव्हता. टिकली लाल झाल्याचं कारण लिहायला अर्जात जागा असते. त्यात एक पर्याय आहे, 'टिकली नीट बसली नाही'. दुसरा आहे, 'ठेका बाळाला मानवत नाही'. हा दुसरा पर्याय पुराव्यासह एकदा जरी कुणी भरला, तरी घरोघरच्या टिकल्यांमधला ठेका तपासणीसाठी बंद होतो. बारा वर्षांत अशी अकरा बाळं माझ्यासमोर आली होती. तीन घोट, पाच घोट, मग थांबा, मग ठसका. अकराही वेळा मी लिहिलं, टिकली नीट बसली नाही. अकराही नळीवर गेली. सगळी जगली, पण त्यांच्या आयांची नावं मला तोंडपाठ आहेत. तुम्ही म्हणाल, काय बाई आहे ही. मीही आरशात बघून तेच म्हटलं आहे.

त्या दिवशी मी टिकली पुसली, पुन्हा चिकटवली, वाटीत दूध काढून ते चमच्याने पाजायला सांगितलं आणि निघाले. गाडी दुसऱ्या दिवशी पाचला येणार होती. दारातून वळून पाहिलं तर सोनालीताई लेकीच्या पायांवर गोधडी घट्ट खोचत होत्या. "पाय हलवू नको गं. किती वेळा सांगायचं? बसल्या जागी पाय हलवणं घराला बरं नाही." ईश्वरीचे पाय लगेच गप्प झाले. माझी आजी मलाही हेच सांगायची, त्यामुळे त्यात काही लक्षात ठेवण्यासारखं मला वाटलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी दोनला मी पोचले, तेव्हा घर शांत होतं. सोनालीताई मागच्या अंगणात लंगोट वाळत घालत होत्या. मी चपला काढून आवाज न करता आत गेले.

ईश्वरी झोपली होती. रात्रंदिवसाच्या रडण्याने दमून गाढ झोपली होती. तिच्या काखेत बाळ झोपलं होतं. टिकली खिडकीशी चार्जिंगच्या तबकडीवर होती. चादरीतून गाळून आलेलं ऊन खोलीभर मधाच्या रंगाचं पसरलं होतं आणि शेगडीचा धूर त्यात अगदी सावकाश चढत होता. मी स्टुलावर बसले. मला घाई करावीशी वाटेना.

मग मला दिसलं, की पायाकडची गोधडी हलते आहे. डावा पाय दाबला गेला, मग उजवा, मग डावा. मग थांबला. बराच वेळ काहीच नाही. मग पुन्हा उजवा, डावा, उजवा. बाजेची दोरी बारीक करकरत होती. ईश्वरीचे ओठ थोडे उघडे होते, चेहऱ्यावर काळजीचा मागमूस नव्हता. ती कुठेतरी भलतीकडेच होती.

आणि बाळाचे ओठ हलत होते. झोपेत बाळं रिकामंच चोखतात, त्यात नवल नाही. पण ते तीनदा चोखत होतं आणि थांबत होतं. दोरी करकरली की पुन्हा तीनदा. मी श्वास धरून मोजायला लागले. दहा वेळा मोजलं, वीस वेळा मोजलं. मायलेकरं एकाच तालात चालली होती, एकाच ठिकाणी थांबत होती, आणि त्या थांबण्यात कुणालाही घाई नव्हती. असं सुंदर मी बारा वर्षांत काही पाहिलं नव्हतं. माझे डोळे भरून आले.

"बघा, झोपेतसुद्धा गप्प बसत नाही ही!" सोनालीताई ओल्या हातांनी आत आल्या आणि त्यांनी लेकीचे पाय गोधडीवरून दाबून धरले.

दोरी थांबली. बाळाचे ओठ आणखी एकदा हलले, चाचपडले. मग कपाळाला आठ्या पडल्या आणि ते रडत उठलं.

"ईश्वरी," मी विचारलं. "येवल्याला मागावर कोण बसतं?"

ती गडबडून उठून बसली. "मीच की, मॅडम. लग्नानंतर शिकले. सासूबाई म्हणतात, हात चांगलाय माझा."

"कधीपर्यंत बसत होतीस?"

"नववा लागला तरी बसायचे. सगळे नको नको म्हणायचे, पण पदर अर्धा राहिला होता. खाली पाय दाबायचे, वर धोटा फेकायचा. तीन फेऱ्या झाल्या की थांबायचं आणि बुट्टीचा रंग हाताने भरायचा. मग परत तीन." ती पहिल्यांदाच जरा हसली. "थांबले की मी पोटाकडे बघायचे आणि विचारायचे, आवडला का रे रंग?"

पोटातल्या बाळाला सहासात महिन्यांपासून ऐकू येतं. आणखी एक गोष्ट लोकांना माहीत नसते. बाळ गिळायला शिकतं ते पोटातच. आजूबाजूचं पाणी ते घोट घोट पीत असतं, बाहेर आल्यावर लागणारा सराव करत असतं. या पोराने तो सराव मागावर केला होता. पायाचा हिसका, फणीचा ठोका, तीनदा, आणि मग एक शांत जागा, ज्यात आईचा आवाज यायचा. बाहेर आल्यावर दोन दिवस तो तस्सा प्यायला, कारण पाजताना आईचे पाय आपोआप चालत होते. मग आजीने पाय गोधडीत बांधले आणि हनुवटीखाली टिकली लागली. तो श्वास घ्यायला थांबला, की टिकलीला वाटायचं हा दमला. ती त्याला ढोसायची, ओढ, ओढ, ओढ. बरोबर श्वासाच्या वेळी. ठसका लागणार नाही तर काय होईल?

अकरा आयांची नावं माझ्या डोक्यातून एकामागोमाग गेली. त्यांच्यातली कोण काय काम करत होती, हे मी एकीलाही विचारलं नव्हतं.

टिकलीवर एक जुनी सोय आहे, 'फक्त ऐक'. ठेका बंद होतो, ऐकणं चालू राहतं. ती कुणी वापरत नाही. मी टिकली बाळाच्या हनुवटीखाली लावली, पडद्यावर ते बटण शोधलं, आणि माझं बोट तिथेच अडलं. हे दाबलं की या खोलीतून सई जाणार होती. लाज वाटते सांगायला, पण बाळ भुकेने रडत होतं आणि मी तशीच बसून होते, चांगली मिनिटभर.

मग दाबलं.

"सोनालीताई, ती गोधडी काढा. ईश्वरी, पाय हलव."

ईश्वरीने आधी आईकडे पाहिलं. सोनालीताई गोधडीचं टोक हातात धरून उभ्या होत्या. "माझ्या आईने मला कधी हलवू दिले नाहीत, मॅडम," त्या म्हणाल्या. "तिच्या आईने तिला नाही." त्यांनी नातवाकडे बघितलं, त्याच्या सुरकुतलेल्या मांड्यांकडे बघितलं, आणि एका झटक्यात गोधडी ओढून बाजूला फेकली. "हलव बाई, हलव. घराचं काय व्हायचं ते मी बघून घेईन."

ईश्वरीचे पाय चालू लागले. आधी बिचकत, मग सवयीने. बाजेची दोरी करकरली. बाळाने तोंड लावलं. उजेड, उजेड, उजेड. मग अंधार. त्या अंधारात त्याने डोळे उघडले आणि मान किंचित मागे करून आईच्या तोंडाकडे पाहिलं. अकरा दिवसांच्या बाळाला किती दिसतं ते मला विचारू नका, मी पुस्तकं वाचली आहेत. त्याने पाहिलं.

"काय रे," ईश्वरी म्हणाली. "आवडला का रंग?"

उजेड, उजेड, उजेड.

वीस मिनिटांनी मी त्याला पुन्हा वजनकाट्यावर ठेवलं. छप्पन्न ग्रॅम दूध पोटात गेलं होतं. आदल्या दिवशी जेमतेम दहा गेलं होतं. पाचच्या आत त्याने आणखी एकदा पोटभर घेतलं, दोन लंगोट भिजवले आणि टिकलीची कडा हिरवी झाली. गाडी निघालीच नाही. सोनालीताईंचा जीव भांड्यात पडला आणि त्या स्वयंपाकघरात जाऊन मोठमोठ्याने रडल्या. मग डोळे पुसून बाहेर आल्या आणि म्हणाल्या, "उद्या बारशाला यायचं. नाही म्हटलेलं चालणार नाही."

मला आनंद झाला होता. आणि हेवाही वाटत होता, ईश्वरीचा, आणि तो लपवत मी कोपऱ्यात सामान आवरत होते.

घरी पोचले तेव्हा ऊन कलत होतं. मंदार ओट्यावर मटार सोलत बसला होता. त्याच्याशेजारी बसून मी अर्ज उघडला. ईश्वरीच्या बाळाचं नाव अजून ठेवलेलं नव्हतं, म्हणून तिथे 'ईश्वरीचा मुलगा' असं लिहिलेलं होतं. खाली दोन पर्याय. बाळ पिऊ लागलं होतं, गाडी आली नव्हती, बाराव्यांदा पहिला पर्याय भरला असता तर कुणी एका शब्दानं विचारलं नसतं. पण तालुक्यात कुठेतरी तेरावी आई असणार होती, वीटभट्टीवर विटा थापणारी, नाही तर भाकऱ्या बडवणारी, आणि तिचं बाळ ठसकणार होतं. दुसरा पर्याय भरला, तर जगात सईचं जे एवढंसं उरलं होतं, तेही माझ्या हाताने पुसलं जाणार होतं.

माझ्याने काहीच होईना. मी पिशवीतून एक कोरी टिकली काढली, ठेका चालू केला आणि मंदारचा हात ओढून त्याच्या तळव्यावर चिकटवली. बाळ नसलं, की ती स्वतःच्याच ठेक्यावर उजळते.

"हे काय?"

"कामाचं आहे. डोळे मिट आणि सांग काय वाटतं."

त्याने हसत डोळे मिटले. मग त्याचं हसू गेलं. मटाराची शेंग दुसऱ्या हातात तशीच राहिली. अंगणातल्या शेवग्यावर चिमण्यांचा गोंधळ चालला होता.

"सई," तो म्हणाला.

मला वाटलं, मी चुकीचं ऐकलं.

"सई पितेय," तो डोळे न उघडता म्हणाला. "मी तिच्या हनुवटीखाली बोट धरून बसायचो ना. तू पेंगायचीस, ती पण पेंगायची, मग मी बोटाने गुदगुल्या करायचो, की परत सुरू. हे मी मेलो तरी विसरणार नाही."

मग मी त्याला सगळं सांगितलं. नमुना क्रमांक एक, बारा वर्षं, अकरा आया, खेडलेवाडीची बाज. तो रागावेल असं वाटलं होतं. तो रागावला नाही. त्याने तळवा गालाला लावला. मग त्याच्या कपाळाला आठी पडली.

"पण यात काहीतरी नाही."

"काय नाही?"

"ती थांबायची गं. आठदहा घोट झाले, की थांबायची. मान मागे करून तुझ्याकडे टकामका बघायची. तू म्हणायचीस, काय बघतेस, आहे मी इथेच. मग परत प्यायची." त्याने तळवा माझ्यासमोर धरला. "ही थांबतच नाही. ही नुसती पितेय."

रिकाम्या जागा. मधल्या रिकाम्या जागा काढून टाकल्या होत्या, आणि त्या कागदावर माझी सही होती. माइकला त्या जागेत काही ऐकू येत नव्हतं, म्हणून ती रिकामी. बारा वर्षं मी घरोघर जिच्या मागे फिरत होते, तिने एकदाही माझ्याकडे पाहिलं नव्हतं, आणि माझ्या ते लक्षातही आलं नव्हतं. मी ओट्यावर बसून, तोंडावर पदर घेऊन हुंदके देऊन रडले. मंदारने मला रडू दिलं.

मग मी अर्ज भरला. ठेका बाळाला मानवत नाही. पुरावा म्हणून त्या दुपारची सगळी नोंद जोडली. खाली अकरा आयांची नावं लिहिली, एकही आठवावं लागलं नाही, आणि त्यांच्यापुढे लिहिलं की कारण मी खोटं भरलं होतं. 'उपाय सुचवा' या रकान्यात लिहिलं: टिकलीने आधी दोन दिवस नुसतं ऐकावं. आईला ती काय काम करते ते विचारावं. ठेका द्यायचाच झाला, तर त्या बाळाचा त्यालाच द्यावा, आणि त्यातल्या थांबायच्या जागा काढू नयेत.

"पाठवू?" मी विचारलं.

त्याने टिकलीचा हात मांडीवर उघडा ठेवला आणि मानेने हो म्हटलं.

नियमाप्रमाणे त्याच मिनिटाला घरोघरच्या टिकल्या 'फक्त ऐक'वर गेल्या. मंदारच्या तळव्यावरची केशरी ठिणगी एकदा, दोनदा उजळली आणि विझली. तो तळव्याकडे बघत राहिला.

"थांबली," तो म्हणाला.

आणि त्याने मान वर करून माझ्याकडे पाहिलं. आम्ही एकमेकांकडे असं किती वर्षांत पाहिलं नव्हतं कोण जाणे.

"काय बघतोस," मी म्हटलं. "आहे मी इथेच."